बालचित्रपटांचे संगीत : एक पेशा आणि त्याची उमेदवारी

भंडाऱ्यातील एखादा विद्यार्थी मुलांच्या कार्टूनपटांना संगीत देण्याचा मानस बोलून दाखवितो, तेव्हा त्याच्या मातापित्यांच्या मनात प्रथम उदरनिर्वाहाची चिंता उभी राहावी, हे स्वाभाविक आहे; ती दूर व्हायची तर या पेशाचे यथार्थ स्वरूपच जाणून घेतले पाहिजे.

1974 साली फिल्म्स डिव्हिजनने काढलेला, विजया मुळे यांनी दिग्दर्शित केलेला 'एक अनेक और एकता' हा कार्टून-लघुपट दूरदर्शनमुळे देशभरच्या मुलांच्या जिव्हाळ्याचा झाला. त्याचे संगीत वसंत देसाई यांचे होते, ज्यांच्या गाठीशी तोवर 'शकुंतला' (1943) आणि 'श्यामची आई' (1953) यांसारख्या चित्रपटांचा अनुभव होता. अशा कार्टूनपटात रेखाटलेल्या पाखराला स्वतःचा आवाज नसल्याने त्याची झेप, भय आणि हर्ष हे सारे स्वरांनीच निर्माण करावे लागते, आणि चाल तर बालकंठाला सहज पेलेल अशीच हवी. म्हणूनच लहानांचे काम लहान नसते.

सावंतवाडीच्या मुलखातून आलेल्या देसाईंनी 'प्रभात' या चित्रपटनिर्मिती कंपनीत पडेल ते काम करीत उमेदवारी केली, आणि 'शकुंतला'ने त्यांचे नाव होईतो सुमारे एक तप लोटले. जपानचे संगीतकार जो हिसाइशी यांनीही 1974 च्या सुमारास दूरचित्रवाणीवरील बालमालिकेपासून आरंभ केला आणि 1984 च्या 'नौसिका' या कार्टूनपटाने त्यांना कीर्ती दिली.

आपल्या जिल्ह्यातील विद्यार्थ्याने ही उमेदवारी घरापासूनच सुरू करावी : झाडीपट्टीच्या नाटकांतील वादकांजवळ बसून प्रसंगानुरूप स्वर भरण्याची तालीम घ्यावी, गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या परीक्षा देत विशारदपर्यंत जावे, आणि बारावीला भौतिकशास्त्र सोडू नये, कारण 'प्रभात'च्याच वास्तूत 1960 साली स्थापन झालेल्या पुण्याच्या चित्रपट संस्थेत ध्वनिमुद्रणाच्या अभ्यासक्रमास पदवीसोबत त्या विषयाची गरज भासते.

या पेशात दरमहा ठराविक वेतन क्वचितच मिळते, मोबदला कामागणिक ठरतो. तथापि 2012 च्या दुरुस्तीने स्वामित्वहक्क कायद्यात संगीतकाराचा स्वामित्वधनातील वाटा सुरक्षित केला आहे, म्हणून कोणत्याही करारनाम्यावर तो जाणकाराला दाखविल्यावाचून सही करू नये. जे पालक पदवीचा खर्च आणि त्यापुढील काही वर्षांच्या उमेदवारीची तजवीज करू शकतात, त्यांनी पाल्याची निष्ठा पारखून त्याला निःशंकपणे अनुमती द्यावी. ज्यांना ते शक्य नाही, त्यांनी चरितार्थासाठी दुसरे काम जोडून द्यावे, परंतु रियाज मात्र बंद पाडू नये.