वाळवंटातील आकाशदर्शन

(शहरांच्या झगमगाटात आकाशातील तारे दिसेनासे होत आहेत. म्हणून काही ठिकाणी अंधाऱ्या आकाशाचे मुद्दाम जतन केले जाते. अशाच एका वाळवंटी उद्यानातील आकाशदर्शनाची माहिती या पाठात दिली आहे.)

मुलांनो, एखाद्या रात्री गच्चीवर किंवा अंगणात उभे राहा आणि आकाशातील तारे मोजा. तुम्ही मालेगाव, भिवंडी, अकोला अशा शहरात राहत असाल, तर ही मोजणी लवकर संपेल. पन्नास-साठ तारे मोजून झाले की पुढे काही दिसणार नाही. मग बाकीचे तारे गेले कोठे? ते कोठेही गेलेले नाहीत. ते आपापल्या जागी आहेत. आपल्याच दिव्यांच्या उजेडाने त्यांना झाकून टाकले आहे. स्वच्छ आणि काळोख्या जागी उभे राहिले, तर नुसत्या डोळ्यांना एका वेळी दोन-अडीच हजार तारे दिसू शकतात. अशी जागा कशी असते, ते पाहण्यासाठी आज आपण फार दूर जाऊ.

अमेरिकेच्या कॅलिफोर्निया राज्यात 'डेथ व्हॅली' नावाचे एक राष्ट्रीय उद्यान आहे. त्याचा थोडा भाग शेजारच्या नेव्हाडा राज्यातही आहे. डेथ व्हॅली म्हणजे मृत्यूची दरी. १८४९ साली सोन्याच्या शोधात निघालेले काही प्रवासी जवळची वाट शोधता शोधता या दरीत अडकले आणि त्यांचे फार हाल झाले. तेव्हापासून दरीला हे नाव पडले. पण टिंबिशा शोशोनी नावाचे मूळ रहिवासी येथे पिढ्यान्‌पिढ्या राहत आले आहेत आणि आजही राहतात. त्यांना ही दरी म्हणजे आपले घर वाटते.

हा प्रदेश मोठा विलक्षण आहे. येथील बॅडवॉटर नावाची जागा समुद्रसपाटीपेक्षा ८६ मीटर खाली आहे. तेथे मैलोन् मैल पांढरे मीठ पसरलेले दिसते. १० जुलै १९१३ रोजी या दरीत ५६.७ अंश सेल्सिअस तापमानाची नोंद झाली. वर्षाकाठी पाऊस पडतो जेमतेम पाच-सहा सेंटिमीटर. आपल्याकडे जुलैमध्ये एका दिवसातही कधी कधी याहून जास्त पाऊस पडतो!

दिवसा कठोर वाटणारी ही दरी रात्री मात्र वेगळीच होते. वाळवंटातील हवा कोरडी असते. ढग फार क्वचित येतात. आसपास मोठी वस्ती नसल्यामुळे दिवेही थोडेच. त्यामुळे आकाश काळेभोर दिसते आणि त्यावर तारे दाट पसरलेले असतात. २०१३ साली या उद्यानाला 'आंतरराष्ट्रीय अंधाऱ्या आकाशाचे उद्यान' असा दर्जा मिळाला. तो आपोआप मिळाला नाही. उद्यानातील वस्तीच्या ठिकाणचे बाहेरचे दिवे सुधारावे लागले. त्यामुळे डोळे दिपवणारा उजेड कमी झाला आणि वीजही वाचली.

हिवाळ्यात आणि वसंत ऋतूत उद्यानाचे रक्षक, म्हणजे रेंजर, पाहुण्यांना आकाशदर्शन घडवतात. उन्हाळ्यात रात्रीही उष्मा असतो, म्हणून थंडीचे दिवस बरे. शिवाय अमावास्येच्या जवळपासची रात्र उत्तम, कारण चांदण्यातही मंद तारे लपून जातात.

समजा, आपणही फेब्रुवारीतील अशाच एका रात्री तेथे पोहोचलो आहोत. रेंजर पहिली सूचना देतात, "कृपा करून पांढऱ्या उजेडाची बॅटरी लावू नका." असे का बरे? उजेडातून अंधारात आलो की आपल्याला आधी काहीच दिसत नाही. हळूहळू डोळ्यांची बाहुली मोठी होते. डोळ्यांच्या आतील पडद्यावर एक खास रंगद्रव्य पुन्हा तयार होऊ लागते. मग मंद प्रकाशही जाणवतो. या सगळ्याला वीस ते तीस मिनिटे लागतात. मध्येच कोणी बॅटरी लावली, तर ही सगळी तयारी क्षणात वाया जाते! पुन्हा पहिल्यापासून वाट पाहावी लागते. तांबड्या मंद उजेडाचा मात्र फारसा त्रास होत नाही. म्हणून येथे लोक बॅटरीच्या काचेवर तांबडा कागद लावतात.

डोळे अंधाराला सरावले की रेंजर एकेक तारा दाखवू लागतात. उत्तरेकडे ध्रुवतारा आहे. तो आपल्याकडच्यापेक्षा वर चढलेला दिसतो. कोणत्याही गावाचा अक्षांश जितका, तितके अंश ध्रुवतारा क्षितिजापासून वर असतो. मुंबईचा अक्षांश सुमारे १९ अंश, तर डेथ व्हॅलीचा सुमारे ३६ अंश. जुन्या काळी खलाशी आणि वाळवंटातील काफिले याच ताऱ्यांच्या आधाराने वाट काढत.

ईशान्येकडे सप्तर्षी वर येत आहेत. तुम्ही उर्दूत त्यांना दुब्ब-ए-अकबर म्हणता. डोक्यावर ताऱ्यांचा एक लहानसा झुबका दिसतो. ती कृत्तिका. तिचे अरबी नाव सुरैया आणि फारसी नाव परवीन. या नावाची एखादी मैत्रीण तुमच्या वर्गातही असेल! कृत्तिकेच्या मागोमाग एक लालसर तारा येतो. मराठीत ती रोहिणी. इंग्रजीत तिला अल्डेबरान म्हणतात. हे नाव मूळ अरबी 'अद-दबरान' या शब्दावरून आले. त्याचा अर्थ मागून येणारा.

मृग नक्षत्रातील दोन ठळक तारे पाहा. निळसर पांढरा आहे तो रायजेल. हा शब्द अरबी 'रिज्ल' म्हणजे पाय, यावरून आला. दुसरा तांबूस आहे, तो बीटलज्यूज. आपण त्याला काक्षी म्हणतो. त्याचे अरबी नाव होते 'यद-अल-जौजा', म्हणजे जौजाचा हात. मध्ययुगात युरोपातील लोकांनी अरबी ग्रंथांची भाषांतरे केली, तेव्हा 'ये' ऐवजी 'बे' वाचले गेले, असे अभ्यासक मानतात. शब्दाच्या सुरुवातीला 'ये'खाली दोन नुक्ते आणि 'बे'खाली एक, हे तुम्हांला सांगायला नकोच. एका नुक्त्यामुळे ताऱ्याचे नावच बदलून गेले!

पश्चिमेकडे, क्षितिजापासून थोड्या उंचीवर धुरकट ठिपका दिसतो. तो एक तारा नव्हे. ती देवयानी दीर्घिका. तिच्यात अब्जावधी तारे आहेत. इराणमधील खगोलशास्त्रज्ञ अब्दुर्रहमान अस-सूफी यांनी इ. स. ९६४ च्या सुमारास आपल्या ग्रंथात तिचा उल्लेख 'लहानसा ढग' असा केला. तेव्हा दुर्बीण नव्हती. तरी त्यांना ती दिसली, कारण त्यांच्या वेळचे आकाश अंधारे होते. आज आपल्या शहरातून ती नुसत्या डोळ्यांना दिसत नाही. एक हजार वर्षांपूर्वी माणसाला जे सहज दिसत होते, ते आपण गमावून बसलो आहोत.

प्रकाश एका सेकंदात सुमारे तीन लाख किलोमीटर जातो. तरी व्याधाच्या ताऱ्यापासून निघालेला प्रकाश आपल्यापर्यंत येण्यास साडेआठ वर्षे लागतात. रोहिणीचा प्रकाश ६५ वर्षांपूर्वी निघालेला असतो, म्हणजे तुमचे आजोबा लहान असताना! देवयानीचा प्रकाश तर सुमारे २५ लाख वर्षे प्रवास करून येतो. इतका लांबचा प्रवास करून आलेला प्रकाश शेवटच्या क्षणी आपल्या रस्त्यावरच्या दिव्यात हरवून जावा, ही केवढी खंत!

इतक्या दूरच्या वाळवंटातही ही अडचण आहेच. पूर्वेकडच्या क्षितिजावर एक फिकट उजेड दिसतो. तो पहाटेचा नव्हे. तो लास व्हेगास शहराचा. हे शहर दीडशे किलोमीटरहून अधिक दूर आहे. उद्यानाला कुंपण घालता येते, पण उजेड कुंपण मानत नाही.

जास्तीच्या उजेडाचा त्रास माणसापुरता नाही. समुद्रकिनाऱ्यावर अंड्यांतून बाहेर आलेली कासवाची पिल्ले जिकडे उजेड तिकडे धावतात. पूर्वी तो उजेड समुद्रावरच्या आकाशाचा असे. आता किनाऱ्यावर दिवे असले, तर ती समुद्राऐवजी उलट दिशेला जातात आणि मरतात. रात्री प्रवास करणारे पक्षीही उंच इमारतींच्या दिव्यांनी गोंधळतात.

यावर उपाय अवघड नाही. दिव्याला वरून झाकण असावे, म्हणजे उजेड जमिनीवर पडेल. गरज असेल तेथेच आणि गरज असेल तेवढाच दिवा लावावा. काम झाले की तो बंद करावा. धूर, सांडपाणी यांची घाण काढायला वर्षे लागतात. आकाशातील उजेड मात्र बटण दाबताच नाहीसा होतो.

हे आपल्या महाराष्ट्रातही घडले आहे. नागपूरजवळच्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला जानेवारी २०२४ मध्ये असाच आंतरराष्ट्रीय दर्जा मिळाला. भारतातील हे पहिले अंधाऱ्या आकाशाचे उद्यान ठरले. त्यासाठी आसपासच्या गावांतील दिव्यांची तोंडे जमिनीकडे वळवण्यात आली. गावे उजळलेली राहिली आणि तारेही दिसू लागले.

मुलांनो, रस्त्यावर दिवा हवाच. अभ्यासाला आणि रात्री घरी परतणाऱ्यांना उजेड हवाच. पण जो उजेड कोणाच्याही उपयोगी न पडता आकाशात जातो, तो कशासाठी? आपल्या घराचा, शाळेचा दिवा कोणीकडे पाहतो, याचा तुम्हीच शोध घ्या. तारे सर्वांचे आहेत. त्यांना तिकीट लागत नाही. त्यांना लागतो फक्त थोडा अंधार.

शब्दार्थ

जतन करणे – सांभाळून ठेवणे
झगमगाट – खूप दिव्यांचा उजेड
समुद्रसपाटी – समुद्राच्या पाण्याची पातळी
क्षितिज – आकाश व जमीन टेकल्यासारखी दिसतात ती रेषा
दीर्घिका – अब्जावधी ताऱ्यांचा समूह
सरावणे – सवय होणे
खंत – मनाला लागलेले दुःख

स्वाध्याय

१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) डेथ व्हॅली हे उद्यान कोणत्या राज्यांत आहे?
(आ) 'सुरैया' हे कोणत्या तारकासमूहाचे नाव आहे?
(इ) भारतातील पहिले अंधाऱ्या आकाशाचे उद्यान कोणते?

२. कारणे लिहा.
(अ) रेंजर पांढऱ्या उजेडाची बॅटरी लावू देत नाहीत.
(आ) अस-सूफी यांना दुर्बिणीशिवाय देवयानी दीर्घिका दिसली.
(इ) कासवाची पिल्ले उलट दिशेला जातात.

३. 'उजेड कुंपण मानत नाही' या वाक्याचा अर्थ तुमच्या शब्दांत सांगा.

४. वाक्यांत उपयोग करा : वाया जाणे, हाल होणे, वाट काढणे.

५. उपक्रम : आठवडाभर रोज रात्री एकाच जागेवरून दिसणारे तारे मोजा व त्यांची संख्या वहीत लिहा. एखाद्या रात्री वीज गेली, तर पुन्हा मोजा. दोन्ही आकड्यांतील फरक वर्गात सांगा.