पुस्तक हिसकावण्याआधी

मायबाप हो,

"गुरुजी, पोरगी इतिहासाच्या पुस्तकात कादंबरी लपवून वाचते. प्रेमाची हाये म्हणे, अन् त्यात खूनबी हाये." सेमाडोहला शिकवताना अशी तक्रार माझ्या कानावर वारंवार येते. परतवाड्याच्या बसस्टँडवरून, नाहीतर अमरावतीत वसतिगृहात राहणाऱ्या भावाच्या पिशवीतून ही पुस्तकं घरात येतात. कोपरे दुमडलेली, कधी शेवटची पानंच गळालेली. ते पुस्तक तिच्या हातून हिसकावण्याआधी माझं थोडं ऐका.

खरं सांगू? मला पहिल्यांदा आनंद होतो. आपली लेकरं घरात कोरकू बोलतात, मराठी त्यांना शाळेत येऊन शिकावी लागते. धड्याची दोन पानं वाचताना जांभया देणारी पोरगी खुनी कोण हे कळावं म्हणून दोनशे पानं मराठी वाचून काढत असेल, तर जे काम मला वर्षभरात जमलं नाही ते त्या फाटक्या पुस्तकानं केलं. बाबूराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या आणि एका अख्ख्या पिढीला वाचनाची चटक लावली. सुहास शिरवळकर, गुरुनाथ नाईक यांची पुस्तकंही अशीच हातोहात फिरली. आपल्या अमरावतीचे उद्धव शेळके बघा. १९६० साली त्यांची 'धग' आली. वऱ्हाडातल्या कौतिक नावाच्या गरीब बाईची ती कहाणी आज मराठीतल्या मोठ्या कादंबऱ्यांत मोजतात. त्याच शेळक्यांनी लेखणीवर पोट भरायचं म्हणून खपणाऱ्या कादंबऱ्याही ढिगानं लिहिल्या. आज ढिगातलं पुस्तक वाचणारी पोरगी उद्या लेखकाचं नाव ओळखून 'धग' उचलेल, अशी मला आशा आहे. नाही उचलली तरी वाचता तर येईल.

आता तुमची भीती. प्रेमाचं वाचून पोरगी बिघडेल. ही भीती तुमच्या एकट्याची नाही, थेट दिल्लीच्या सुप्रीम कोर्टापर्यंत जाऊन आलेली आहे. चंद्रकांत काकोडकरांची 'श्यामा' ही कथा १९६२ च्या 'रंभा' दिवाळी अंकात छापून आली आणि अश्लील म्हणून तिच्यावर खटला झाला. मुंबईच्या उच्च न्यायालयानं लेखकाला दोषी धरलं, पण १९६९ मध्ये सुप्रीम कोर्टानं त्याला सोडलं. न्यायाधीशांच्या म्हणण्याचा मथितार्थ असा की, स्त्रीपुरुषांच्या संबंधाचा नुसता उल्लेख आला म्हणून पुस्तक वाईट ठरवायचं, तर विकायला फक्त धार्मिक पुस्तकं उरतील. मी तर म्हणतो, तीही उरणार नाहीत. महाभारतातल्या विराटपर्वाचं काय करणार?

कीचकाची गोष्ट तुम्ही मला काय सांगायची, मी तुम्हाला काय सांगायची! भीमानं त्याला मारून चिखलदऱ्याच्या दरीत फेकलं आणि भीमकुंडात हात धुतले, असं आपल्याकडची म्हातारी माणसं सांगतात. पण ती गोष्ट एकदा कादंबरी म्हणून बघा. वेष बदलून राजवाड्यात दासी झालेली द्रौपदी. तिच्यावर डोळा ठेवणारा राणीचा भाऊ. पाच नवरे जवळ असूनही ओळख उघड होईल म्हणून तोंड मिटून बसलेले. मग रात्री नृत्यशाळेत भेटायचा निरोप, आणि अंधारात तिच्या जागी भीम. बसस्टँडवरच्या कोणत्या पुस्तकात यापेक्षा जास्त मसाला आहे?

आणि हीच गोष्ट तुमच्या खऱ्या काळजीवरचा उपाय आहे. प्रेमकथांमध्ये मला खटकतं ते प्रेम नव्हे. मला खटकतो तो पोरीच्या मागे हात धुऊन लागणारा नायक. ती नाही म्हणते, तो वाट अडवतो, आणि शेवटच्या पानावर तीच त्याच्या गळ्यात पडते. असलं पुस्तक घरात सापडलं तर चुलीत घालू नका. तिला एवढंच विचारा, "हा नायक आन् कीचक, यांच्यात फरक काय वो माय?" ती विचार करेल. पोरगाही घरात असेल, तर त्याच्याही कानावर हे पडू द्या. अगदी लहान लेकराच्या हाती मात्र सगळंच देऊ नये, सहावी-सातवीपर्यंत तरी चाळून द्यावं.

इतिहासाच्या पुस्तकांचंही तसंच आहे, तीही प्रश्न विचारत वाचावी. १८०३ च्या नोव्हेंबरात अडगावला लढाई झाली, १५ डिसेंबरला इंग्रजांनी गाविलगड घेतला आणि किल्लेदार बेनीसिंग लढताना पडला. ३० डिसेंबरला शिंद्यांशी तह झाला तो आपल्या अंजनगाव सुर्जीला. गड घेणारा इंग्रज सेनापती वेलस्ली पुढे वॉटर्लूला नेपोलियनला हरवून जगभर गाजला. ज्या अंजनगावची बस आपण रोज बघतो त्याचं नाव पुस्तकात सापडलं की पोराचे डोळे मोठे होतात. मग तो विचारतो, "तवा आपले लोक काय करत होते?" त्याचं उत्तर त्या पुस्तकात बहुधा नसतं. असा प्रश्न पडायला लागला की समजावं, हा आता इतिहास वाचू लागला.

धर्माच्या पुस्तकांबद्दल थोडं अवघड बोलायचं आहे. होळीला आपण मेघनादाची पूजा करतो. पोरगं रामायण वाचून येतं आणि म्हणतं, हा तर रावणाचा पोरगा, शत्रू! त्याला गप्प बसवू नका. रावणाच्या विनंतीवरून महादेवानं लाल मातीचे मूला आणि मूलाई घडवले, त्यांच्यापासून कोरकू झाले, ही कथा रसेल आणि हिरालाल यांनी १९१६ साली जातीजमातींवरच्या आपल्या जाडजूड ग्रंथात छापली आहे. म्हणजे आजीची गोष्टही छापलेली आहे, हे त्याला कळू द्या. रामायण वाचावं, कुराण-बायबलातल्या गोष्टी वाचाव्या, आणि महानुभावांचं रिद्धपूर आपल्याच जिल्ह्यात आहे तर लीळाचरित्रातल्या लीळाही वाचाव्या. एकाच धर्माचं एकच पुस्तक वाचलेला माणूस मला कादंबरीवेड्या पोरीपेक्षा जास्त काळजीत टाकतो.

"आम्हाले कुठं वाचता येते?" हेही तुम्ही म्हणता. माधानच्या गुलाबराव महाराजांची दृष्टी तान्हेपणीच गेली होती. दुसऱ्यांकडून वाचून घेत त्यांनी संस्कृत शास्त्रांपासून युरोपातल्या विचारवंतांपर्यंत सगळं ऐकलं आणि १९१५ मध्ये वयाच्या चौतिसाव्या वर्षी गेले तेव्हा मागे ग्रंथांची रास होती. तुम्हीही ऐका. जेवण झालं की पोरीला म्हणा, वाच जोरानं. लपवायचं कारणच उरणार नाही, आणि जे पान मोठ्यानं वाचताना तिची जीभ अडखळेल ते कसलं आहे हे तुम्हाला आपसूक कळेल.

परतवाड्याला बाजाराला गेलात की रद्दीवाल्याकडून एखादा जुना दिवाळी अंक आणा. त्यात प्रेमकथा असते, रहस्य असतं, इतिहास आणि देवधर्मही असतो. कामासाठी गाव सोडून जाल तेव्हा गाठोड्यात एक पुस्तक टाका. आणि होळीला परत आलात की मूला-मूलाईची गोष्ट कोरकूत सांगा, पोरांना ती मराठीत लिहून घेऊ द्या. वर्गात वाचायला मला ती हवी आहे.