काकडीला पाणी का सुटते?



सकाळी डब्यात भरलेली काकडीची कोशिंबीर चांगली घट्ट होती. मधल्या सुट्टीत डबा उघडावा तो काय, तिचे पातळ ताक झालेले आणि त्यातले निम्मे वहीच्या पानांवर! हा अनुभव तुमच्यापैकी बहुतेकांना आला असेल. घरी तक्रार केली की उत्तर ठरलेले: "काकडीला पाणी सुटणारच." पण ते का सुटते, कुठून सुटते आणि ते आवरता येईल का, हे कोणी सांगत नाही. आज आपण त्याचाच शोध घेऊ, आणि तोही एका परदेशी पदार्थाच्या मदतीने.

ग्रीस देशात दही आणि काकडी यांचा एक दाट पदार्थ घरोघरी आणि खानावळीतही करतात. त्याचे नाव त्झात्झिकी. (यातला 'त्झा' ग्रीक माणसाच्या तोंडून ऐकला तर आपल्या 'जाड' शब्दातल्या 'जा'सारखा वाटतो. इंग्रजी बोलणाऱ्यांना हा उच्चार साधायला कष्ट पडतात, आपल्याला मुळीच नाही.) शब्द मूळचा तुर्की, तुर्कस्तानात याच्याच पातळ भावंडाला 'जाजीक' म्हणतात. ग्रीक त्झात्झिकी मात्र इतकी घट्ट हवी की पावाचा तुकडा तिच्यात बुडवून वर काढला तर ती त्यावर राहिली पाहिजे, ओघळता कामा नये. म्हणजे आपल्या कोशिंबिरीत जे झाले तर हसून सोडून देता येते, ते तिथे झाले तर पदार्थच फसला. म्हणूनच ग्रीक गृहिणी पाण्याचा बंदोबस्त दोन ठिकाणी करतात: एक काकडीत, दुसरा दह्यात.

आधी काकडी पाहू. १०० ग्रॅम काकडीत सुमारे ९५ ग्रॅम पाणीच असते. हे पाणी पिशवीत भरल्यासारखे एका ठिकाणी नसते, तर असंख्य पेशींमध्ये वाटलेले असते. प्रत्येक पेशीभोवती एक अतिशय पातळ पटल असते. हे पटल पाण्याला सहज ये-जा करू देते. मीठ, साखर यांसारख्या विरघळलेल्या पदार्थांना मात्र सहजासहजी जाऊ देत नाही. अशा पटलाच्या एका बाजूला विरल द्रावण आणि दुसऱ्या बाजूला संहत द्रावण असले, की पाणी विरल द्रावणाकडून संहत द्रावणाकडे जाऊ लागते. यालाच परासरण म्हणतात. पेशीच्या आतला रस विरल, आणि चकतीवर भुरभुरलेले मीठ ओलाव्यात विरघळून झालेले द्रावण चांगलेच संहत. मग पाणी कुठे जाणार? अर्थात बाहेर.

इथे एक सावधगिरी घ्यायला हवी. किसलेल्या काकडीला जे पाणी सुटते ते सगळे परासरणाचे नसते. किसणीने हजारो पेशी फाटतात आणि त्यांतला रस नुसताच गळतो. मीठ न लावता किसलेली काकडी पिळली तरी वाटीभर पाणी निघते, ते याच कारणाने. तेव्हा "मीठ लावले, पाणी सुटले, म्हणजे परासरण सिद्ध झाले" असे म्हणणे हा कच्चा पुरावा झाला. परासरण पाहायचे तर न फाटलेल्या पेशी पुष्कळ असतील असे जाड तुकडे घ्यायला हवेत. तो प्रयोग पुढे येतोच.

या खेचाखेचीचे बळ किती असते? १८७७ साली प्फेफर या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने ते मोजले. त्याने सच्छिद्र मातीच्या भांड्याच्या भिंतीत कॉपर फेरोसायनाइडचा पातळ थर बसवून कृत्रिम पटल तयार केले, आत साखरेचे द्रावण भरले आणि भांडे पाण्यात ठेवून आत चढणारा दाब पाहिला. एक टक्का साखरेच्या द्रावणाचा परासरण दाब निघाला सुमारे ०.७ वातावरण. हे आकडे ह्यूगो द व्रीस या वनस्पतिशास्त्रज्ञाकडून व्हांट हॉफ या डच रसायनशास्त्रज्ञाला कळले, आणि त्याच्या लक्षात एक विलक्षण गोष्ट आली. विरल द्रावणाचा परासरण दाब वायूच्या दाबासारखाच वागतो; कोणता पदार्थ विरघळला आहे यापेक्षा त्याचे कण किती आहेत यावर तो अवलंबून असतो. १९०१ साली रसायनशास्त्राचे पहिलेवहिले नोबेल पारितोषिक व्हांट हॉफला मिळाले, त्यात या कामाचा मोठा वाटा होता.

आता वहीत थोडा हिशोब करा. साखरेचा रेणुभार ३४२, मिठाचा सूत्रभार ५८.५. म्हणजे एक ग्रॅम साखरेत जितके रेणू, त्याच्या जवळजवळ सहापट मिठाची सूत्रे एक ग्रॅम मिठात असतात. शिवाय मीठ पाण्यात गेले की त्याचा एक सोडियम आयन आणि एक क्लोराइड आयन असे दोन कण होतात. सहा दुणे बारा! वजन तेच, पण मिठाचे कण साखरेच्या सुमारे बारापट. एक टक्का मिठाच्या द्रावणाचा परासरण दाब प्रत्यक्षात सुमारे ८ वातावरण भरतो. ८ वातावरण म्हणजे ८० मीटर उंच पाण्याच्या स्तंभाच्या तळाशी असतो तेवढा दाब. मीठ असे 'जादा' कण देते हे कोडे व्हांट हॉफला नीट सुटले नव्हते. ते आऱ्हेनियसने आयनांच्या कल्पनेने सोडवले, आणि १९०३ साली त्यालाही नोबेल मिळाले. दोन नोबेल पारितोषिके आणि एक काकडी, असे म्हणायला हरकत नाही.

पण पुस्तकातल्या बारापटीवर विश्वास का ठेवायचा? स्वतः पाहा. एकाच जाड काकडीचे, साल व बिया काढून, बोटाएवढे चार सारखे तुकडे कापा. शाळेच्या प्रयोगशाळेतल्या तराजूवर प्रत्येकाचे वजन करून लिहून ठेवा. तीन पेल्यांत प्रत्येकी १०० मिलिलिटर पाणी घ्या. पहिल्यात काहीच घालू नका, दुसऱ्यात ५ ग्रॅम मीठ आणि तिसऱ्यात ५ ग्रॅम साखर विरघळवा. प्रत्येकात एकेक तुकडा तासभर बुडवून ठेवा. चौथा तुकडा पाच मिनिटे उकळून, गार करून, चौथ्या पेल्यात साध्या पाण्यात सोडा. तासाने तुकडे काढून टिपकागदाने हलकेच टिपा, वजन करा आणि प्रत्येक तुकडा दोन बोटांत धरून वाकवून पाहा.

मिठाच्या पाण्यातला तुकडा मऊ पडून वाकेल, वजनही उतरेल. साध्या पाण्यातला उलट जास्त करकरीत होईल, कारण तिथे बाहेरचे पाणीच विरल आहे आणि ते पेशीत शिरते. (बाजारातून आणलेली मलूल काकडी आई पाण्यात का टाकून ठेवते, ते आता सांगा.) साखरेच्या तुकड्याचे काय होते ते मी इथे लिहीत नाही. वजन करण्यापूर्वी वर्गातल्या प्रत्येकाने आपला अंदाज फळ्यावर लिहावा, मगच तराजूकडे जावे. चौथा, उकळलेला तुकडा तासभर पाण्यात राहूनही ताठ होणार नाही. उष्णतेने पेशींची पटले मोडली; पटल गेले की परासरणही गेले. या चौथ्या तुकड्याशिवाय प्रयोग अपुरा राहतो, म्हणून कंटाळा करून तो गाळू नका.

आता दह्याकडे वळू. दुधातल्या प्रथिनांपैकी सुमारे ८० टक्के केसीन असते. त्याचे सूक्ष्म गोळे दुधात तरंगत असतात आणि एकमेकांना दूर लोटतात, म्हणून दूध पातळ राहते. विरजणातले जिवाणू दुग्धशर्करेपासून लॅक्टिक आम्ल करतात. दुधाचा सामू ६.६ च्या आसपास असतो, तो ४.६ पर्यंत उतरला की केसीनच्या गोळ्यांमधला दुरावा संपतो, ते एकमेकांना चिकटतात आणि त्यांची जाळी बनते. या जाळीत पाणी अडकून राहते, तेच आपले दही. हे काम करणाऱ्या जिवाणूंपैकी एक महत्त्वाचा प्रकार १९०५ साली स्टामेन ग्रिगोरोव्ह या बल्गेरियन विद्यार्थ्याने जिनीव्हात शोधला. तो आपल्या गावाकडचे दही सूक्ष्मदर्शकाखाली पाहत होता! त्या जिवाणूच्या नावात आजही 'बल्गारिकस' हा शब्द आहे.

जाळीतले पाणी कायमचे अडकलेले नसते. दही फडक्यात बांधून टांगले की ते ठिबकू लागते. ग्रीक लोक अशा निथळलेल्या दह्याला 'स्त्रांगिस्तो', म्हणजे गाळलेले, म्हणतात. आपल्याला यात काय नवल? श्रीखंडाचा चक्का आपण याच रीतीने करतो. फरक एवढाच की चक्का रात्रभर टांगतात, त्झात्झिकीला तीन-चार तास पुरतात. ग्रीसमध्ये जुन्या पद्धतीचे दही मेंढीच्या दुधाचे असते. त्यात स्निग्धांश आणि प्रथिने गाईच्या दुधापेक्षा बरीच जास्त असतात, म्हणून ते मुळातच दाट लागते. आपल्याला म्हशीच्या दुधाचे दही चांगले काम देईल. खाली जमलेले पाणी पिवळसर हिरवे दिसते, तो रंग रिबोफ्लेविन या ब जीवनसत्त्वाचा. ते ओतून देऊ नका. कणीक भिजवायला किंवा कढीला वापरा.

एवढे करूनही, काकडीला मीठ न लावता ती तशीच चक्क्यात कालवली तर? तरीही पाणी सुटते. दुधाचा परासरण दाब आपल्या रक्ताइतका, म्हणजे साधारण ०.९ टक्के मिठाच्या पाण्याइतका असतो. दही लागताना दुग्धशर्करेपासून आम्ल तयार होऊन कणांची संख्या आणखी वाढते. म्हणजे दही स्वतःच काकडीचे पाणी ओढते! डब्यातली कोशिंबीर मिठाशिवायही का पातळ होते, याचे हे कारण. ग्रीक युक्ती अशी की जे पाणी नंतर सुटणारच आहे ते आधीच काढून घ्यावे. आपल्याकडे खमंग काकडीसाठी चोचवलेली काकडी पिळून घेतात, तीच युक्ती.

आता कृती. अर्धा किलो घट्ट दही फडक्यात बांधा. उन्हाळ्यात बाहेर टांगले तर आंबट होईल, म्हणून फडके चाळणीत ठेवून, खाली पातेले देऊन फ्रिजमध्ये ठेवावे. मध्यम आकाराच्या दोन काकड्या, म्हणजे सुमारे ३०० ग्रॅम, मधला बियांचा बुळबुळीत भाग काढून किसा. अर्धा चमचा, म्हणजे सुमारे ३ ग्रॅम, मीठ चोळून अर्धा तास ठेवा. हे मीठ बरोबर एक टक्का झाले; वरचा ८ वातावरणांचा हिशोब आठवा. मग स्वच्छ हातांनी किंवा फडक्यात घालून किस घट्ट पिळा. निघालेले पाणी मोजपात्रात मोजून ठेवलेत तर उत्तम.

लसणाच्या दोन पाकळ्या बारीक ठेचा. अख्ख्या पाकळीला फारसा वास नसतो, हे पाहिले आहे का? लसणातले ॲलिइन हे द्रव्य आणि त्याचे रूपांतर करणारे विकर पेशीच्या वेगवेगळ्या कप्प्यांत असतात. ठेचले की कप्पे फुटतात, दोन्ही भेटतात आणि तिखट वासाचे ॲलिसिन तयार होते. हे द्रव्य १९४४ साली अमेरिकेत कॅव्हालिटो आणि बेली यांनी वेगळे केले. तीव्र आम्लात ते विकर मंदावते. तेव्हा लसूण झणझणीत हवा असेल तर ठेचून दोन-चार मिनिटे थांबा, मग व्हिनेगर घाला. सौम्य हवा असेल तर व्हिनेगरमध्येच ठेचा. दोन्ही प्रकार दोन वाट्यांत करून घरच्यांना न सांगता चाखायला द्या.

चक्का, पिळलेली काकडी, लसूण, एक चमचा व्हिनेगर, दोन मोठे चमचे ऑलिव्ह तेल आणि मूठभर बारीक चिरलेला शेपू एकत्र कालवा. होय, शेपूच! ज्या भाजीला पाहून तुम्ही नाक मुरडता तिच्यावर ग्रीक लोक जीव टाकतात. ऑलिव्ह तेल मिळाले नाही तर तेल वगळा. शेंगदाण्याचे घातले तर चव चांगली लागेल, पण ती त्झात्झिकी राहणार नाही. मीठ चाखल्याशिवाय पुन्हा घालू नका, काकडीबरोबर ते आलेलेच असते. तासभर फ्रिजमध्ये ठेवून पोळी, पाव किंवा गाजराच्या फोडींबरोबर खा.

कडू काकडीविषयी एक शब्द. काकडीचे टोक कापून त्यावर चोळले की फेस येतो आणि कडूपणा निघून जातो, असे घरोघर सांगतात. कडूपणा कुकुर्बिटासिन नावाच्या द्रव्यांचा असतो आणि तो बहुधा देठाकडे व सालीजवळ जास्त असतो. मग गुण चोळण्याचा, की टोक कापून टाकण्याचा? एकाच कडसर काकडीची दोन्ही टोके, साल आणि मधला भाग निरनिराळे चाखून, काही चकत्या चोळून आणि काही न चोळता, हे ठरवता येईल. चाखायचे ते जिभेच्या टोकाने, कणभर. काकडी फारच कडू असेल तर मात्र प्रयोग थांबवून ती टाकून द्या, कारण ही द्रव्ये जास्त प्रमाणात पोटात गेली तर उलट्या-जुलाब होतात.

त्झात्झिकी फ्रिजमध्ये ठेवून दोन दिवसांत संपवावी. दुसऱ्या दिवशी कडेला थोडे पाणी दिसेलच, कारण कितीही पिळले तरी काही पेशी शाबूत राहतात आणि दही आपले काम चालूच ठेवते. ते पाणी चमच्याने काढून मोजा आणि आदल्या दिवशी पिळून काढलेल्या पाण्याच्या आकड्याशेजारी लिहा.