बिल थकलं तर कागद कुणाच्या नावाचा?

तायांनो, जुलै २०२५ मध्ये शेजारच्या सांगली जिल्ह्यात, वाळवा तालुक्यातल्या एका तरुण ठेकेदारानं आत्महत्या केली. जलजीवनच्या कामाचे पैसे थकलेत, असं घरच्यांचं म्हणणं. सरकारकडून उत्तर आलं, त्याच्या नावावर कामच नाही, तो उपठेकेदार असेल.

आपले गटही काम मिळालं की हरखून जातात. पण कार्यारंभ आदेश कुणाच्या नावावर आहे, ते आधी बघा. ठेकेदाराच्या नावावर असेल, तर पैसे त्याच्याकडेच मागावे लागतात. मग त्याच्याकडून तरी दर लिहून, सही घ्या. बिल दिल्याची पोच जपा.

आणि मुदत! १९६३ च्या मुदत कायद्यानं केलेल्या कामाच्या पैशाचा दावा साधारणपणे काम झाल्यापासून तीन वर्षांत लावावा लागतो. "मार्चनंतर बघू" असं कुणी तोंडी म्हटलं म्हणून ती वाढत नाही. मुदतीच्या आत "एवढं देणं आहे" असं सहीनिशी लिहून मिळालं, तर तिथून पुन्हा तीन वर्षं. म्हणून गारगोटीला पंचायत समितीत नुसते हेलपाटे घालू नका, उत्तर लेखी मागा. मोजमाप पुस्तकाची प्रत देत नसतील, तर माहिती अधिकाराचा अर्ज करा. फी दहा रुपये.