शोभेच्या लायटरमध्ये गॅस भरताना

दिवाळी जवळ आली की परदेशातल्या बऱ्याच मराठी घरांत ड्रॉवरच्या तळाशी पडलेला एक लायटर शोधून काढला जातो. साधा नाही, शोभेचा. कधी पिस्तुलाच्या आकाराचा, कधी गिटारच्या, कधी जुन्या मोटारीच्या. कुणीतरी भेट दिलेला असतो किंवा कुठल्या तरी सहलीत हौसेने घेतलेला असतो. पणत्या मांडून होतात, खटका दाबला जातो, ठिणगी पडते आणि ज्योत मात्र येत नाही. गॅस संपलेला असतो. मग दुकानातून ब्युटेनचा डबा येतो, आणि त्यावर मुंगीएवढ्या अक्षरांत सूचना छापलेल्या असतात: डबा उलटा धरा, हवेशीर जागी भरा, पाच मिनिटं थांबा. हे सगळं का करायचं, ते मात्र डब्यावर लिहिलेलं नसतं. कारण कळलं की सूचना लक्षात राहते, म्हणून हा लेख.

त्याआधी आपल्याकडच्या एका सवयीबद्दल. भारतातल्या स्वयंपाकघरात ‘लायटर’ म्हणजे शेगडी पेटवायची ती लांब नळी. तिच्यात इंधन नसतंच. आत पिझो स्फटिक असतो, त्याच्यावर हातोडीसारखा ठोका बसला की काही हजार व्होल्ट तयार होतात आणि ठिणगी उडते. लहानपणी आपल्यापैकी अनेकांनी तो टकटक वाजवत घरभर फिरवलेला आहे. त्यामुळे ‘लायटर’ या शब्दाची आपल्याला पुरेशी भीतीच वाटत नाही. शोभेच्या लायटरमध्ये तोच स्फटिक असतो, पण त्याच्या शेजारी दाबाखाली ठेवलेलं द्रवरूप इंधनही असतं. फरक एवढाच, पण तो फार मोठा आहे.

ब्युटेन उकळतो उणे ०.५ अंश सेल्सिअसला. म्हणजे खोलीच्या तापमानाला तो वायूच असायला हवा. पण बंद टाकीत थोडा ब्युटेन वायू झाला की त्याचाच दाब उरलेल्या द्रवावर पडतो आणि उकळणं थांबतं. २० अंशांना हा दाब साधारण २.१ बार असतो, म्हणजे बाहेरच्या हवेच्या दाबाच्या दुपटीहून किंचित जास्त. एवढा दाब पातळ प्लॅस्टिकची टाकीही सहज पेलते, म्हणून तर लायटरसाठी ब्युटेन निवडला गेला. प्रोपेनचा दाब त्याच तापमानाला आठ बारच्या वर जातो. त्यामुळे कॅम्पिंगच्या शेगडीचे प्रोपेनमिश्रित डबे किंवा घरगुती सिलिंडरमधला एलपीजी लायटरमध्ये भरायचा नाही. मायदेशी रस्त्याकडेला असे लायटर भरून मिळायचे आणि ‘काही होत नाही’ असं सांगणारेही भेटायचे. त्या टाकीची भिंत, तिचे जोड आणि रबरी कड्या त्या दाबासाठी बनवलेल्याच नसतात. झिप्पोसारख्या वातीच्या लायटरचं द्रव इंधन ही तर पूर्ण वेगळी गोष्ट. ते नॅफ्था असतं, ब्युटेनच्या टाकीत त्याचा काही उपयोग नाही.

आता थोडं गणित. द्रव ब्युटेनच्या एका मिलिलिटरचं वजन सुमारे ०.५८ ग्रॅम. ब्युटेनचा रेणुभार ५८, म्हणजे हा झाला एक शतांश मोल. २० अंशांना त्याचा वायू होतो सुमारे २४० मिलिलिटर. ब्युटेन हवेत साधारण १.८ टक्के झाला की मिश्रण पेट घेऊ शकतं. २४० मिलिलिटर म्हणजे १.८ टक्के असेल, तर एकूण मिश्रण किती? सुमारे १३ लिटर. म्हणजे नोझलच्या कडेने चमचाभरही नाही, एक मिलिलिटर द्रव फसफसून बाहेर पडला, तरी जवळजवळ बादलीभर हवा पेटण्याजोगी होऊ शकते. आणि भरताना थोडं फसफसतंच.

शिवाय ही बादली वर उडून जात नाही. ब्युटेनचा वायू हवेच्या दुप्पट जड असतो, तो टेबलावरून खाली ओघळतो, जमिनीलगत पसरतो, जिना मिळाला तर जिन्यावरून उतरतो. अमेरिकेतल्या किंवा कॅनडातल्या घरात राहणाऱ्यांनी तळघरात काय असतं ते आठवावं. फर्नेस आणि पाणी तापवायची टाकी, आणि जुन्या टाकीच्या तळाशी सतत जळणारी छोटी पायलट ज्योत. गॅरेजमध्येही बहुधा तीच कथा. म्हणून ‘हवेशीर जागा’ याचा अर्थ खिडकी उघडलेलं स्वयंपाकघर असा घेऊ नका. घराबाहेर जा. अंगण चालेल, मोकळी बाल्कनी चालेल, फक्त शेजारी कुणी सिगारेट ओढत नसावं आणि बार्बेक्यू पेटलेला नसावा.

ज्योतीपासून सगळेच सावध असतात. ठिणगीचं तसं नाही. ब्युटेन आणि हवेचं योग्य मिश्रण पेटायला सुमारे ०.२५ मिलिज्यूल ऊर्जा पुरते. थंडीत हीटर चालू असलेल्या कोरड्या घरात गालिच्यावरून लोकरी मोजे घालून चाललात आणि दाराच्या मुठीला हात लावला, की ‘चट’ होतं. ती ठिणगी हाताला जाणवायला शरीरावर साधारण तीन हजार व्होल्ट साठावे लागतात. माणसाच्या शरीराची विद्युतधारिता १५० पिकोफॅरड धरली, तर त्या ठिणगीत ०.७ मिलिज्यूलच्या आसपास ऊर्जा निघते. म्हणजे जी ठिणगी आपल्याला जेमतेम जाणवते, तिच्यातही ब्युटेन पेटवण्यापुरती ऊर्जा असतेच. तेव्हा फ्लीसचं जॅकेट आतच काढून ठेवा आणि डबा हातात घेण्यापूर्वी दूर कुठेतरी जमिनीत रोवलेल्या धातूच्या कठड्याला हात लावून घ्या.

आता प्रत्यक्ष कृती. लायटरच्या बुडाशी दोन गोष्टी दिसतील: मध्यभागी बारीक भोक असलेला गॅस भरायचा व्हॉल्व्ह, आणि ज्योत कमीजास्त करायचा स्क्रू. व्हॉल्व्हच नसेल तर तो लायटर भरण्यासाठी बनवलेला नाही. तो उघडायचा, भोक पाडायचा, सुईने भरायचा प्रयत्न करू नका. स्क्रू वजा खुणेकडे पूर्ण फिरवा. मग लायटर उलटा धरून, व्हॉल्व्ह वर ठेवून, चेहऱ्यापासून दूर, बारीक स्क्रूड्रायव्हरने व्हॉल्व्ह दाबा. उरलेला वायू सुस्स करून निघून जाईल. आवाज पूर्ण थांबेपर्यंत दाबायचं.

ही पायरी बहुतेक लोक गाळतात आणि नंतर ‘गॅस आत जातच नाही’ म्हणून तक्रार करतात. डब्यातला द्रव लायटरमध्ये जातो तो केवळ दाबाच्या फरकामुळे. आत पंप वगैरे काही नसतं. डबा आणि लायटर एकाच तापमानाला असतील आणि लायटरमध्ये आधीच ब्युटेनचा वायू असेल, तर दोन्हीकडे दाब सारखाच, मग द्रव कशाला हलेल? आत हवा अडकली असेल तर आणखी वाईट. थोडं ब्युटेन आत शिरतं, त्याची वाफ होते, वाफेचा दाब आणि हवेचा दाब यांची बेरीज डब्यापेक्षा जास्त भरते आणि गॅस उलटा नोझलमधून बाहेर थुंकला जातो. डाल्टनचा आंशिक दाबांचा नियम शाळेत रटाळ वाटला असेल, इथे तो बोटांवर फवारतो.

याच कारणासाठी लायटर डब्यापेक्षा थंड असावा. शून्य अंशांना ब्युटेनचा दाब बाहेरच्या हवेएवढाच, एक बारच्या जवळ असतो. २० अंशांच्या डब्याकडून शून्याजवळच्या लायटरकडे सुमारे एक बारचा फरक मिळतो, एवढा भरपूर झाला. रिकामा केलेला लायटर पिशवीत घालून बर्फाच्या पॅकशेजारी दहा मिनिटं ठेवा आणि व्हॉल्व्ह कोरडा पुसून घ्या. इंटरनेटवर फ्रीझरमध्ये ठेवायचा सल्ला दिसतो, मला तो आवडत नाही. गळका लायटर बंद कपाटात आणि त्याच कपाटात थर्मोस्टॅट, हा जोड कशाला जमवायचा? उलटं करून डबाच गरम करणं तर अजिबात नको, कोमट पाण्यातसुद्धा नको.

मग लायटर उलटाच ठेवून डबा त्यावर उलटा, अगदी सरळ उभा धरा. डबा सरळ ठेवला तर वर जमलेली वाफच आत जाते, उलटा केला तर द्रव. नोझल नीट बसत नसेल तर टोपणातले अडॅप्टर वापरून पाहा. तीन-चार सेकंद एकसलग दाबा. हातपंपासारखं वरखाली करू नका, प्रत्येक वेळी थोडी गळती होते. कडेने फवारा येऊ लागला की थांबा. त्या फवाऱ्याने बोटं गारठतात, कारण बाष्पीभवनाला लागणारी उष्णता तो त्वचेतूनच ओढतो आणि जास्त वेळ लागला तर हिमदाह होतो.

टाकी काठोकाठ भरायची नाही. आयएसओ ९९९४ या मानकात द्रव टाकीच्या ८५ टक्क्यांपलीकडे नसावा असं आहे. हा आकडा उगीच आलेला नाही. शून्यापासून ५० अंशांपर्यंत तापताना द्रव ब्युटेन सुमारे ११ टक्के फुगतो. ८५ चे ९४ होतात आणि वर वाफेला थोडी जागा उरते. टाकी आधीच गच्च असेल तर द्रवाला जायला जागा नाही, आणि द्रव जवळपास दबतच नाही, त्यामुळे दाब वाफेच्या दाबाच्या कितीतरी पुढे उसळतो. आपण तर लायटर मुद्दाम थंड करून भरलेला असतो. आखातात राहणाऱ्यांना उन्हात उभ्या गाडीचा डॅशबोर्ड काय तापतो ते सांगायला नको. ७० अंशांना तर नुसत्या वाफेचाच दाब आठ बारच्या आसपास जातो. भरलेला लायटर गाडीत ठेवू नका.

भरून झाल्यावर लगेच पेटवायचा नाही. पाच-दहा मिनिटं बाहेरच राहू द्या. सांडलेला द्रव व्हॉल्व्हच्या खोबणीत आणि सजावटीच्या फटींत दडून बसतो. पिस्तूल, गिटार असल्या आकारांत या फटी साध्या लायटरपेक्षा जास्त असतात. मग व्हॉल्व्हवर साबणाच्या पाण्याचा एक थेंब सोडा. बुडबुडे आले तर रबरी कडी गेली आहे. अशा लायटरची दुरुस्ती करत बसण्यात अर्थ नाही, तो बाहेरच मोकळा करून टाका. बुडबुडे नसतील तर पुसून, कोरडा करून, हात लांब धरून, ज्योत सर्वांत लहान ठेवून पेटवा. ज्योत फडफडली किंवा खटका सोडल्यावरही जळत राहिली, तर त्याचाही निकाल लागला.

हे सगळं बरोबर केलं तरी एक प्रश्न उरतो: तो भरावाच का? युरोपीय संघाने २००७ साली लहान मुलांना खेळण्यासारख्या वाटणाऱ्या लायटरची विक्री बंद केली. त्या व्याख्येत पिस्तूल, वाद्य, वाहन, प्राणी, खाद्यपदार्थ या आकारांचे आणि दिवे लुकलुकणारे, सूर वाजवणारे लायटर सगळेच येतात. अमेरिकेत १९९४ पासून अशा लायटरना मुलांना सहज न पेटवता येणारा खटका सक्तीचा आहे. चाचणी घेतली जाते साडेतीन ते सव्वाचार वर्षांच्या मुलांवर, आणि त्यातल्या किमान ८५ टक्के मुलांना तो पेटवता येऊ नये अशी अट आहे. ही अट उलटीकडून वाचली, तर शंभरातल्या पंधरा मुलांना जमला तरी लायटर पास होतो. मूल घरात असेल, पाहुण्यांची येणार असतील, आणि लायटर पिस्तुलासारखा दिसत असेल, तर माझं मत स्पष्ट आहे: तो रिकामा करून कपाटात शोभेला ठेवा आणि पणत्यांसाठी लांब दांड्याचा साधा लायटर आणा.

भारतात जाताना तो भेट म्हणून बॅगेत टाकायचा विचार असेल तर तो सोडा, भारतीय विमानतळांवर लायटर केबिनमध्येही चालत नाही आणि चेक-इन सामानातही नाही. ब्युटेनचा डबा तर अमेरिकेतही दोन्हीकडे बंद आहे. उरलेला डबा पुनर्वापराच्या कचऱ्यात टाकू नका, कचरागाडीच्या दाबयंत्रात तो फुटू शकतो. तुमच्या काउंटीच्या किंवा कौन्सिलच्या घातक कचरा केंद्रावर तो घेतात.