व्यवसायाचा कर-क्रमांक : अर्ज आणि जबाबदारी

व्यापाऱ्याची ओळख पूर्वी त्याच्या पेढीवरून, पेठेवरून आणि बाजारात मिळवलेल्या नावावरून पटत असे. मुरादाबादच्या पितळी भांड्यांच्या घाऊक व्यापाऱ्याला पुण्याचा दुकानदार ओळखत असे, तो वर्षानुवर्षांच्या देवघेवीमुळे. आज या दोघांनी एकमेकांचे तोंडही पाहिलेले नसले तरी त्यांच्यात लाखो रुपयांचा व्यवहार होऊ शकतो. या व्यवहारास जे आधार असतात, त्यांपैकी एक म्हणजे बिलाच्या माथ्यावर छापलेला पंधरा चिन्हांचा एक क्रमांक. वस्तू व सेवा कराच्या नोंदणीचा हा क्रमांक 'जीएसटी नंबर' म्हणून सर्वत्र परिचित आहे. तो मिळविण्यासाठीचा अर्ज संगणकावरून घरबसल्या करता येतो आणि त्यासाठी सरकार कोणतेही शुल्क आकारत नाही. मात्र अर्ज सोपा आहे म्हणून त्याचे परिणाम हलके आहेत, असे समजण्याचे कारण नाही. त्यातील प्रत्येक रकाना हे अर्जदाराचे कायदेशीर निवेदन असते. ते निवेदन समजून न घेता दुसऱ्याच्या हाती सोपविणे किती महागात पडू शकते, हे ध्यानी यावे म्हणून या पद्धतीचा येथे क्रमवार विचार केला आहे.

एक कर, एक क्रमांक

वस्तू व सेवा कर देशात १ जुलै २०१७ रोजी अमलात आला. त्यापूर्वी एखाद्या कारखानदाराला केंद्रीय उत्पादनशुल्कासाठी एक, सेवाकरासाठी दुसरी आणि राज्याच्या मूल्यवर्धित करासाठी तिसरी नोंदणी करावी लागे. प्रत्येक खात्याचा क्रमांक निराळा, विवरणपत्र निराळे आणि कचेरीही निराळी. २०१६ च्या एकशे एकाव्या घटनादुरुस्तीने केंद्र आणि राज्ये या दोघांनाही वस्तू व सेवांवर कर बसविण्याचा अधिकार मिळाला. त्यामुळे या निरनिराळ्या नोंदण्यांची जागा एका नोंदणीने घेतली.

'एक' या शब्दाला येथे एक मर्यादा आहे. नोंदणी राज्यवार असते. महाराष्ट्रात आणि गोव्यात अशा दोन्ही ठिकाणी दुकान थाटणाऱ्या व्यापाऱ्याला दोन क्रमांक घ्यावे लागतात. ते परस्परांशी जोडलेले असतात, हे क्रमांकाच्या रचनेवरूनच दिसून येते.

क्रमांकाची रचना

पंधरा चिन्हांपैकी पहिले दोन अंक राज्याचे असतात. महाराष्ट्रासाठी २७, गोव्यासाठी ३०, उत्तर प्रदेशासाठी ०९, केरळसाठी ३२ असे संकेत ठरलेले आहेत. त्यानंतरची दहा चिन्हे म्हणजे प्राप्तिकर खात्याने दिलेला स्थायी खाते क्रमांक, म्हणजेच पॅन. तेरावे चिन्ह त्याच पॅनवर त्याच राज्यात घेतलेली ही कितवी नोंदणी आहे, ते दर्शविते. चौदाव्या स्थानी सामान्यतः 'झेड' हे अक्षर असते आणि पंधरावे चिन्ह तपासणीसाठी असते.

पॅनमधील अक्षरेही निरर्थक नसतात. त्यातील चौथे अक्षर धारकाचा प्रकार सांगते : व्यक्तीसाठी 'पी', भागीदारी पेढीसाठी 'एफ', कंपनीसाठी 'सी', हिंदू अविभक्त कुटुंबासाठी 'एच'. एकट्याच्या मालकीच्या दुकानाच्या क्रमांकात 'पी' येतो, कारण कायद्याच्या दृष्टीने असे दुकान आणि त्याचा मालक हे वेगळे नसतात. दुकानाचे देणे ते मालकाचे देणे. वडिलांच्या पश्चात मुलाने तेच दुकान त्याच जागी चालविले, तरी पॅन बदलल्यामुळे त्याला नवी नोंदणी घ्यावी लागते, यामागील कारणही हेच आहे.

शेवटच्या तपासणी-चिन्हाची योजना मनोरंजक आहे. अंकांना त्यांचे मूल्य आणि इंग्रजी अक्षरांना १० ते ३५ अशी मूल्ये दिली जातात. पहिल्या चौदा चिन्हांच्या मूल्यांना डावीकडून अनुक्रमे १, २, १, २ असे गुणले जाते. प्रत्येक गुणाकाराला ३६ ने भागून भागाकार आणि बाकी यांची बेरीज केली जाते. या सर्व बेरजांच्या एकूण रकमेवरून पंधरावे चिन्ह ठरते. आठव्या व नवव्या स्थानी ४ आणि ७ हे अंक असतील, तर त्यांचा वाटा ४ गुणिले २ अधिक ७ गुणिले १, म्हणजे १५ होतो. लिहिणाऱ्याने ते चुकून ७ आणि ४ असे उलटे लिहिले, तर तो १८ होतो. बेरीज बदलते, शेवटचे चिन्ह जुळत नाही आणि संगणक तो क्रमांक नाकारतो. हाताने लिहिताना होणाऱ्या चुका पकडण्याची ही सोय आहे. परंतु क्रमांक रचनेने बरोबर आहे, एवढेच ती सांगते. तो घेणारा माणूस खरा आहे की नाही, हे ती सांगू शकत नाही.

नोंदणी कोणी करावी

केवळ मालाची विक्री करणाऱ्यावर बहुतेक राज्यांत वार्षिक उलाढाल ४० लाख रुपयांच्या वर गेल्यावर नोंदणीचे बंधन येते. सेवा देणाऱ्यासाठी ही मर्यादा सर्वसाधारणपणे २० लाख रुपये आहे. ईशान्येकडील काही राज्यांत मर्यादा याहून कमी आहेत. उलाढाल मोजताना एकाच पॅनवरील देशभरच्या व्यवहारांची बेरीज धरली जाते. दोन राज्यांत दोन दुकाने काढून मर्यादेतून सुटका होत नाही. राज्याबाहेर माल विकणाऱ्याला, हस्तकलेच्या वस्तूंसारखे काही अपवाद वगळता, उलाढाल कितीही असली तरी नोंदणी घ्यावी लागते. बंधन लागू झाल्यापासून ३० दिवसांच्या आत अर्ज करणे आवश्यक असते.

मर्यादेखालील व्यापारी स्वेच्छेने नोंदणी घेऊ शकतो. ती घ्यावी की नाही, याचे उत्तर त्याच्या गिऱ्हाइकांवर अवलंबून असते. समजा, एका कारागिराने एक लाख रुपयांचे पोलादी पत्रे घेतले आणि १८ टक्क्यांप्रमाणे १८,००० रुपये कर दिला. त्यापासून केलेली कपाटे त्याने दीड लाखाला विकून २७,००० रुपये कर वसूल केला. तो नोंदणीकृत असेल, तर आधी दिलेला कर वजा करून त्याला सरकारकडे ९,००० रुपयेच भरावे लागतात. त्याची कपाटे नोंदणीकृत कचेऱ्या व दुकानदार घेत असतील, तर सर्वसाधारणपणे त्यांनाही २७,००० रुपयांची वजावट मिळते. उलट, त्याची गिऱ्हाइके घरगुती असतील, तर त्यांना वजावट नाही, केवळ वाढीव किंमत आहे. अशा वेळी मर्यादेखालील माणसाने क्रमांकाचा हव्यास धरू नये. मात्र नोंदणी नसताना गिऱ्हाइकाकडून कर म्हणून रक्कम घेणे हा अपराध आहे, याचा विसर पडता कामा नये.

अर्जाचे दोन भाग

जीएसटीच्या संकेतस्थळावरील अर्ज दोन भागांत विभागलेला आहे. पहिल्या भागात राज्य, पॅनवर असलेले नाव, पॅन, मोबाइल क्रमांक आणि ई-मेलचा पत्ता एवढीच माहिती मागितली जाते. मोबाइलवर आणि ई-मेलवर वेगवेगळे ओटीपी येतात. ते भरले की एक तात्पुरता संदर्भ क्रमांक मिळतो. त्याच्या आधारे अर्जाचा दुसरा भाग १५ दिवसांच्या आत पुरा करावयाचा असतो. तो एका बैठकीत पुरा करण्याचे बंधन नाही.

हा पहिला भाग दोन मिनिटांचा असला तरी सर्वांत महत्त्वाचा आहे. अर्ज इंग्रजीत असल्यामुळे अनेक लहान व्यापारी तो करसल्लागाराकडून भरून घेतात. त्यात काही गैर नाही. परंतु सोयीसाठी सल्लागार स्वतःचाच मोबाइल व ई-मेल देतो, तेव्हा पुढच्या अडचणीचे बीज पेरले जाते. कायद्याप्रमाणे नोंदणीच्या वेळी दिलेल्या ई-मेलवर पाठविलेली किंवा संकेतस्थळावर ठेवलेली नोटीस ही बजावलेली नोटीस मानली जाते. ती दुसऱ्याच्या मोबाइलवर पडून राहिली, तर व्यापाऱ्याला कळण्यापूर्वीच उत्तराची मुदत टळून जाते. म्हणून अर्ज कोणीही भरो, मोबाइल आणि ई-मेल मात्र व्यापाऱ्याचेच असावेत. संकेतस्थळावर शिरण्याचे सांकेतिक शब्दही त्याच्यापाशी असावेत.

दुसऱ्या भागात व्यवसायाचे नाव व स्वरूप, मालक किंवा भागीदार, स्वाक्षरीचा अधिकार असलेली व्यक्ती, व्यवसायाची मुख्य व इतर ठिकाणे आणि विक्रीच्या प्रमुख वस्तू वा सेवा यांचा तपशील द्यावा लागतो. दीड कोटी रुपयांपर्यंत उलाढाल असलेल्या लहान व्यापाऱ्यांसाठी असलेली आपसमेळ योजना येथेच निवडता येते. तीत उलाढालीवर अल्प दराने कर भरावयाचा असतो. मात्र तो गिऱ्हाइकाकडून वेगळा घेता येत नाही आणि खरेदीवरील कराची वजावटही मिळत नाही.

सर्वाधिक अर्ज अडतात ते जागेच्या पुराव्यावर. जागा स्वतःची असल्यास मालमत्ता कराची पावती किंवा वीजबिल, भाड्याची असल्यास भाडेकरार आणि घरमालकाच्या मालकीचा पुरावा, नातलगाची असल्यास त्याचे संमतिपत्र जोडावे लागते. केंद्रीय अप्रत्यक्ष कर मंडळाने १७ एप्रिल २०२५ च्या सूचनापत्राने अधिकाऱ्यांना बजावले आहे, की ठरवून दिलेल्या यादीबाहेरील कागद मागू नयेत. हे ठाऊक असलेला अर्जदार अनावश्यक मागणीपुढे नमत नाही. अखेरीस आधारची पडताळणी आणि सत्यतेची ग्वाही देणारी स्वाक्षरी होते. कंपनीला ही स्वाक्षरी डिजिटल प्रमाणपत्राने करावी लागते, तर एकट्या मालकाला ओटीपीनेही करता येते.

अर्ज दिल्यानंतर

अर्ज दाखल होताच पोच म्हणून एक क्रमांक मिळतो आणि त्यावरून अर्जाची वाटचाल पाहता येते. कागदपत्रे समाधानकारक असल्यास आणि आधारची पडताळणी झालेली असल्यास अधिकाऱ्याने सात कामकाजी दिवसांत निर्णय द्यावयाचा असतो. आधारची पडताळणी झालेली नसेल किंवा अर्ज जोखमीचा वाटला, तर जागेची प्रत्यक्ष पाहणी होते व मुदत ३० दिवसांची असते. नोव्हेंबर २०२५ पासून कमी जोखमीच्या आणि लहान अर्जदारांसाठी तीन कामकाजी दिवसांत नोंदणी देण्याची तरतूदही झाली आहे. अधिकाऱ्याने खुलासा मागितल्यास सात कामकाजी दिवसांत उत्तर द्यावे लागते. उत्तर आले नाही, तर अर्ज फेटाळला जाऊ शकतो. उलटपक्षी, मुदतीत अधिकाऱ्यानेच काही केले नाही, तर अर्ज मंजूर झाला असे मानले जाते.

क्रमांकाबरोबर येणारी बांधिलकी

नोंदणी मिळाल्यावर प्रमाणपत्र व्यवसायाच्या प्रत्येक ठिकाणी दर्शनी लावणे आणि प्रवेशद्वारावरील पाटीवर क्रमांक लिहिणे आवश्यक आहे. बँक खात्याचा तपशील ३० दिवसांच्या आत, किंवा विक्रीचे पहिले विवरणपत्र भरण्यापूर्वी, यांपैकी जे आधी येईल तेव्हा द्यावयाचा असतो. पत्ता बदलला, भागीदार बदलला, तर १५ दिवसांत कळवावे लागते.

खरी बांधिलकी विवरणपत्रांची आहे. एखाद्या काळात एका रुपयाचीही विक्री झाली नाही, तरी शून्य विक्रीचे विवरणपत्र भरावेच लागते. त्यास उशीर झाल्यास दररोज २० रुपये, एका विवरणपत्रामागे कमाल ५०० रुपये, असे विलंबशुल्क आहे. ही रक्कम लहान वाटली, तरी सलग सहा महिने विवरणपत्रे न भरल्यास नोंदणी रद्द होऊ शकते. शिवाय ही हानी एकट्या व्यापाऱ्याची नसते. १ जानेवारी २०२२ पासून विकणाऱ्याने आपल्या विवरणपत्रात बिल दाखविल्याखेरीज घेणाऱ्याला वजावट मिळत नाही. मुरादाबादचा व्यापारी आळस करतो आणि भुर्दंड पुण्याच्या दुकानदाराला पडतो. व्यवसाय थांबविणाऱ्यानेही क्रमांक तसाच पडू न देता तो रद्द करण्याचा रीतसर अर्ज करावा आणि रद्द झाल्यावर तीन महिन्यांत अखेरचे विवरणपत्र भरावे.

दुरुपयोग आणि सावधगिरी

जो क्रमांक कर वजा करण्याचा अधिकार देतो, त्याचा मोह लबाडांना पडणारच. दुसऱ्याच्या पॅन व आधारच्या प्रती मिळवून नोंदणी घ्यावयाची, माल न देता केवळ बिले विकावयाची आणि त्या बिलांवर कोणीतरी खोटी वजावट घ्यावयाची, अशी ही रीत आहे. केंद्र व राज्यांनी १६ मे २०२३ पासून देशभर बनावट नोंदण्या शोधण्याची खास मोहीम चालविली आणि २०२४ मध्ये तशी दुसरी मोहीम झाली. ज्याच्या नावाने नोंदणी घेतली गेली, त्या माणसाने कधी दुकानही पाहिलेले नसते. परंतु पहिली नोटीस त्याच्याच दारी येते आणि आपण निर्दोष असल्याचे सांगत त्यालाच कचेऱ्यांचे उंबरठे झिजवावे लागतात.

यावर सामान्य माणसाच्या हाती दोन साधने आहेत. जीएसटीच्या संकेतस्थळावर पॅन घालून त्यावर कोणकोणत्या नोंदण्या आहेत, हे कोणालाही पाहता येते. व्यवसाय नसणाऱ्यांनीही ते अधूनमधून पाहावे आणि अनोळखी नोंदणी आढळल्यास लेखी तक्रार करावी. दुसरे साधन व्यापाऱ्यासाठी आहे. नव्या पेढीशी व्यवहार करण्यापूर्वी तिचा क्रमांक तेथेच तपासला असता तिचे कायदेशीर नाव, नोंदणी चालू आहे की रद्द झाली आहे आणि विवरणपत्रे भरली जातात की नाही, हे कळते. पूर्वी जी चौकशी पेठेत चार माणसांना विचारून होत असे, तिचा काही भाग आता असा होतो. मात्र त्या नोंदीचा खरेपणा अखेर अर्ज भरणाऱ्याच्या खरेपणावरच अवलंबून असतो. म्हणून अर्ज स्वतः वाचावा, न समजलेला रकाना विचारून घ्यावा आणि स्वाक्षरीचा ओटीपी कोणाला सांगण्यापूर्वी आपण कशाची ग्वाही देत आहोत, हे नीट पाहावे.