चित्र सरकते, पण मोडत नाही

चौकटीच्या वहीत आपण रोज बेरजा नि वजाबाक्या करतो. त्याच वहीतले चित्र न बिघडवता दुसऱ्या जागी नेता येते. कसे ते सांगते.

पानाच्या खालच्या डाव्या कोपऱ्याला ० म्हणा. तिथून आधी उजवीकडे किती चौकटी नि मग वर किती, ते मोजा. उजवीकडे ३ आणि वर २ असेल तर (३, २) लिहायचे. आधी उजवीकडचा आकडा, मग वरचा. उलट करायचं नाही बरं का! (२, ३) हा बिंदू निराळ्या जागी येतो. या आकड्यांना निर्देशक म्हणतात. फ्रान्स देशातील रने देकार्त या गणितज्ञांनी सन १६३७ मध्ये छापलेल्या पुस्तकात भूमिती आणि बीजगणित यांची सांगड घातली. त्यातूनच पुढे निर्देशक भूमिती वाढली.

आता एक घर काढा. भिंतीचे चार कोपरे (१, १), (५, १), (५, ४), (१, ४) आणि छपराचे टोक (३, ६).

हे घर उजवीकडे ६ नि वर २ सरकवायचे आहे. मग प्रत्येक बिंदूच्या पहिल्या आकड्यात ६ मिळवा, दुसऱ्यात २ मिळवा. कोपरे झाले (७, ३), (११, ३), (११, ६), (७, ६) आणि टोक झाले (९, ८). भिंतीची रुंदी आधी ४ होती, आताही ४. उंची ३ होती, आताही ३. घर तेच, जागा नवी!

सगळे बिंदू सारखेच सरकले पाहिजेत. समजा, छपराचे टोक जुन्याच (३, ६) वर राहिले. जोडून पाहा. छप्पर उरतच नाही, भिंतीच्या वरच्या कडेला नुसती आडवी रेघ डावीकडे लांब जाते. एक बिंदू मागे राहिला की सारे घर मोडते.

२६ जानेवारीला आम्हाला याचा उपयोग झाला. अंगणात याच घराची रांगोळी काढायची होती. एक चौकट म्हणजे एक हात धरला होता. ठिपके देणार तोच बाई म्हणाल्या, "अगं, इथं तर मुलांच्या रांगा उभ्या राहणार, रांगोळी पायाखाली जाईल." झेंडावंदनाला थोडाच वेळ उरला होता. नवीन चित्र कोण काढणार? आम्ही वहीतल्या आकड्यांत ६ नि २ मिळवले, सुतळीने हात मोजले नि पाच ठिपके दिले. रांगोळी वेळेत झाली आणि कुणाचा पायही पडला नाही.

चित्र परत जुन्या जागी न्यायचे तर ६ आणि २ वजा करायचे.

आता तुम्ही करा : त्रिकोणाचे बिंदू (२, १), (४, १), (३, ३). उजवीकडे ३, वर २ सरकवा. आधी आकडे लिहा, मग चित्र काढून ताळा पाहा.

— एक विद्यार्थिनी, इयत्ता ४ थी